ताम्हाणेचे सिनेमे मोबाइलवर नकोच, प्रोजेक्टर भाड्याने आणा (कॉलेज रोड, नाशिक)

दिग्दर्शक चैतन्य ताम्हाणेचे 'कोर्ट' आणि 'द डिसायपल' हे दोन्ही सिनेमे मोठ्या पडद्यावर बघायचेच होते, म्हणून कॉलेज रोडच्या मागच्या गल्लीतल्या दुकानातून प्रोजेक्टर, पडदा आणि स्पीकर असा सेट शनिवार-रविवारसाठी भाड्याने घेतला. सर्व्हिस चांगलीये. पोरगा वेळेत आला, गच्चीवर पडदा बांधला, फोकस लावून लॅपटॉप जोडून दाखवला आणि मगच गेला, डिपॉझिटपण लगेच परत मिळालं.

एवढा खटाटोप कशाला, तर या माणसाचा कॅमेरा लांब उभा राहतो आणि बराच वेळ हलतच नाही. 'कोर्ट'मध्ये वकील बोलत असतात आणि आजूबाजूला आपापल्या तारखेची वाट बघत लोक बसलेले असतात, कुणाकडे बघायचं ते आपण ठरवायचं, मोबाइलवर ही माणसं मुंगीएवढी दिसतात राव. शेवटाकडे सुट्टी लागते, कोर्टरूम रिकामी होते, दिवे बंद होतात आणि कॅमेरा नुसत्या अंधारावर थांबून राहतो. आमच्यातले निम्मे लोक सिनेमा संपला समजून उठायला लागले, आणि मग जज फॅमिलीसोबत पिकनिकला निघालेला दिसतो! सरकारी वकील बाईंचं घर, स्वयंपाक, लोकल हे पण तो तेवढ्याच शांतपणे दाखवतो, कुणाला व्हिलन करत नाही. मला हेच त्याचं सगळ्यात मोठं काम वाटतं.

'कोर्ट' त्याचा पहिलाच सिनेमा, 2014 ला व्हेनिस फिल्म फेस्टिव्हलमध्ये दोन पुरस्कार, मग राष्ट्रीय पुरस्कार, भारताकडून ऑस्करलाही पाठवलेला. पैसे लावले विवेक गोम्बरने, बचाव पक्षाचा वकीलही तोच. एवढं झाल्यावर कुणीही धडाधड तीन सिनेमे काढले असते, पण दुसरा 'द डिसायपल' आला थेट 2020 ला. तोही व्हेनिसला, आणि यावेळी मुख्य स्पर्धेत, 2001 च्या 'मॉन्सून वेडिंग'नंतर तिथे पोचलेला पहिला भारतीय सिनेमा, आणि पटकथेचा पुरस्कार घेऊन आला. यात नायक शरद झालेला आदित्य मोदक आणि गुरुजी झालेले अरुण द्रविड दोघंही खरे शास्त्रीय गायक आहेत, त्यामुळे गाण्याची खोटी ॲक्टिंग कुठेच नाही. शरद रात्री रिकाम्या रस्त्यावरून बाइकवर गुरुजींच्या गुरू माईंची जुनी रेकॉर्डिंग ऐकत जातो, तानपुरा चालू, माईंचा आवाज दिग्दर्शिका सुमित्रा भावेंचा आहे. गायक विष्णु दिगंबर पलुस्कर ज्या नाशकात येऊन राहिले तिथे हा सिनेमा गाणं शिकणाऱ्या प्रत्येकाने बघायला पाहिजे. आमच्या शेजारचे काका स्वतः गातात, ते शेवटपर्यंत एक शब्द बोलले नाहीत.

फक्त स्पीकरची तक्रार आहे. लग्नाच्या डीजेला चालेल असा बेस, तानपुरा सगळा घुमायला लागला. दुसऱ्या दिवशी फोन केला तर त्यांनी जास्तीचे पैसे न घेता छोटे स्पीकर पाठवले, मग प्रत्येक सूर वेगळा ऐकू आला. बुकिंग करतानाच सांगा की गाण्याचा सिनेमा आहे. एक्स्टेन्शन बोर्ड ते देत नाहीत, घरचा काढून ठेवा, आणि शनिवार-रविवार हवा असेल तर गुरुवारपर्यंत फोन करा.