रिंग म्हणजे गोलच की!

२,०८,००० रुपये रोख. मिळून चार तोळ्यांच्या दोन भरीव पाटल्या, तोळ्याला बाजारभावापेक्षा ५,००० कमी, घडणावळ माफ. देणारा दारावरचा फिरस्ता नव्हता, आमच्या घरचे थोरले जावई होते. जावयाकडे बिल मागायचं नसतं. मूर्खपणा म्हणा, पण तुम्ही तरी मागितलं असतंत का?

हॉलमार्क होता हो! त्रिकोणी शिक्का, २२के९१६ (म्हणजे २२ कॅरेट, हजारात ९१६ भाग सोनं) आणि १ एप्रिल २०२३ पासून सक्तीचा झालेला सहा अक्षरी एचयूआयडी, म्हणजे दागिन्याचा ओळख क्रमांक. भारतीय मानक ब्युरोच्या बीआयएस केअर ॲपवर तो टाकला, खरा निघाला. शुद्धता ९१६, दागिन्याचा प्रकार: रिंग. इथेच हात आखडायला हवा होता. पाटलीवर अंगठीचा क्रमांक! जावई म्हणाले, “रिंग म्हणजे गोल. पाटली काय चौकोनी असते?” सगळे हसले, मीही. हा क्रमांक नगागणिक वेगळा असतो. आमच्या दोन्ही पाटल्यांवर एकच होता.

पाटल्या निघाल्या तांब्याच्या, वर सोन्याचा मुलामा. तांब्याची घनता सोन्याच्या जेमतेम निम्मी, म्हणून तेवढ्याच वजनात पाटली दुप्पट जाड होते. त्या जाडीनं संशय यायचा, तर धाकट्या जाऊबाईंच्या पाटल्या शेजारी बारीक दिसतात याचाच आनंद. पुढे लग्नात घामानं मनगट हिरवं झालं, तर म्हटलं मेंदी उतरली असेल.

मुलामा जाड असला की कसोटीच्या दगडावरही कस खरा उतरतो. सराफाला आधी कानशीनं खाच पाडायला सांगा, दागिन्याची माया करू नका. लोहचुंबक निरुपयोगी, तांबंही त्याला चिकटत नाही. मान्यताप्राप्त हॉलमार्किंग केंद्रात चार नगांपर्यंत तपासणीला २०० रुपये आणि वर जीएसटी. दोनशे!

पोलीस चौकीत पहिल्या खेपेला, “जावई ना? घरात मिटवा.” दुसऱ्या खेपेला साहेब बंदोबस्ताला. तिसऱ्या खेपेला मलाच दरडावलं, रोख का दिलेत? दोन लाख किंवा जास्त रोख घेणाऱ्याला आयकर कायद्यात दंड आहे, पण मान खाली माझी! अर्ज घेत नसतील तर भारतीय न्याय संहितेचं फसवणुकीचं कलम ३१८ घालून लेखी तक्रार टपालानं पोलीस अधीक्षकांकडे पाठवा, पोच जपा. नोंदणीकृत सराफाचं बिल असतं तर शुद्धतेतल्या फरकाच्या दुप्पट भरपाई आणि तपासणीचा खर्च मागता आला असता. इथे ना सराफ, ना बिल.

दिवाळीला जावई आले. पाट, रांगोळी, सगळं रीतसर. औक्षणाच्या ताटातली अंगठी मात्र सासूबाईंनी लगेच पदराला बांधली.