सावेदादांसाठी पेडर रोडची वाट धरावी

मुंबईत पेडर रोडवर, केंद्र सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनच्या आवारात असलेले भारतीय चित्रपटाचे राष्ट्रीय संग्रहालय जानेवारी २०१९ मध्ये सुरू झाले, आणि त्यानंतर मी तेथे तीनदा गेलो आहे. नव्या इमारतीच्या मजल्यांवर गांधीजी आणि चित्रपट, मुलांसाठीचे दालन, चित्रपटाचे तंत्र असे पुष्कळ काही आहे आणि मुले तेथे रमतात. मला मात्र ओढ आहे ती जुन्या गुलशन महालाची, कारण सिनेमा भारतात कसा आला, ही हकिकत तेथे उलगडते आणि त्या हकिकतीत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजेच सावेदादा, यांचे स्थान अगदी आरंभाचे आहे.

सावेदादा (१८६८-१९५८) हे मुंबईतील व्यावसायिक छायाचित्रकार होते. ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या हलत्या चित्रांचा पहिला खेळ झाला. त्या खेळांनी भारावून जाऊन सावेदादांनी लंडनहून कॅमेरा मागवला, आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डन येथे पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या मल्लांची कुस्ती चित्रित केली. फीत धुण्यासाठी विलायतेला पाठवावी लागली. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ यायला अजून चौदा वर्षे होती. आपल्याकडे कथापटाच्या कितीतरी आधी अनुबोधपटाची बीजे पडली होती, ही गोष्ट शाळेतच शिकवली जायला हवी, असे मला मनापासून वाटते.

केंब्रिजला गणिताच्या परीक्षेत पहिला क्रमांक मिळवून सीनियर रँग्लर झालेले र. पु. परांजपे डिसेंबर १९०१ मध्ये मायदेशी परतले, तेव्हा त्यांच्या स्वागताचे चित्रणही सावेदादांनीच केले, आणि तो भारतातील पहिला वृत्तपट मानला जातो. त्यांचे मोठेपण मला या निवडीत दिसते: एका मराठी गणितज्ञाचे घरी परतणे ही जपून ठेवण्याजोगी घटना आहे, हे त्यांना तेव्हाच उमगले होते. लॉर्ड कर्झन यांचा १९०३ चा दिल्ली दरबारही त्यांनी टिपला. पुढे चित्रीकरण सोडून ते गेइटी थिएटरच्या व्यवस्थापनात रमले.

हे संग्रहालय फिल्म्स डिव्हिजनच्याच जागेत असावे, याचाही मला आनंद वाटतो. १९४८ पासून या संस्थेचे अनुबोधपट आणि वृत्तपट मुख्य चित्रपटाआधी थिएटरांत दाखवले जात, आणि माझ्या पिढीने देशातली धरणे, दुष्काळ आणि लोककला पहिल्यांदा पाहिल्या त्या तेथेच.

सोमवारी संग्रहालय बंद असते. इतर दिवशी हातात निदान तीन तास ठेवून जावे, गुलशन महाल आधी पाहावा, आणि उन्हे उतरल्यावर टॅक्सी करून हँगिंग गार्डनला जावे. सव्वाशे वर्षांपूर्वी सावेदादांनी आपला कॅमेरा तेथेच कुठेतरी उभा केला होता.