पाच हजार रुपये, खिचडीची पाकिटं आणि एक वजनकाटा : सोलापुरातला दीड वर्षाचा अनुभव

आमच्या गल्लीत कुणाला दिवस गेले की तिचा पहिला प्रश्न ठरलेला असतो : "पाच हजार कधी येतात गं?" आणि तिला माझ्याकडे पाठवतात. मी काही ऑफिसर नाही. अक्कलकोट रोडच्या आतल्या बाजूला राहते, घरी बसून शाळेचे युनिफॉर्म शिवते, नगावर पैसे. नवरा टॉवेलच्या मागावर, सासूबाई विड्या वळतात. माझ्याकडे फक्त एक प्लॅस्टिकची फाइल आहे. ऑक्टोबर २०२४ पासून आजपर्यंत मातृ वंदना (गरोदरपणात सरकार हे पाच हजार देतं ती योजना) आणि अंगणवाडी या दोन्हींचे जेवढे कागद लागले तेवढे सगळे त्यात आहेत. मुलगी आता नऊ महिन्यांची झाली. दरवेळी तेच तेच सांगण्यापेक्षा एकदाच सगळं लिहून काढते.

पहिला घोटाळा असा की या दोन वेगळ्या नोंदी आहेत, हे कुणी सांगतच नाही. अंगणवाडीत नाव घातलं की आहार मिळतो. आशाताईकडून आरोग्य केंद्रात नाव घातलं की कार्ड मिळतं आणि त्या कार्डावर पैशांचा अर्ज होतो. मला वाटायचं अंगणवाडी म्हणजे पोरांना बडबडगीतं म्हणायला बसवतात ती खोली, आपलं बाळ तीन वर्षांचं झालं की बघू. शेजारच्या अक्कांनी नवरात्रात मला दारात ओकताना पाहिलं आणि म्हणाल्या, "काय करलालीस गं, अजून नाव घातलं नाहीस? गरोदर बाईचाच आहार असतोय की तिथं." दुसऱ्या दिवशी गेले. सेविकाताईंनी आधार बघितलं, मोबाईलवर ओटीपी आला, पाच मिनिटांत नाव लागलं. एवढं सोपं काम पुढे पुन्हा झालं नाही.

आरोग्य केंद्रात माता-बाल संरक्षण कार्ड मिळालं. वजन ४३ किलो, हिमोग्लोबिन ९.१. लोहाच्या आणि फॉलिक अॅसिडच्या गोळ्या दिल्या, पुढे कॅल्शियमच्या. दर महिन्याच्या ९ तारखेला सरकारी दवाखान्यात गरोदर बायांची डॉक्टरकडून मोफत तपासणी असते, तीही तिथंच कळली. मग सिस्टरनी शेवटच्या पाळीची तारीख विचारली. मी म्हटलं, "गौरी-गणपतीच्या आधीच्या आठवड्यात." त्या हसल्या, भिंतीवरचं कॅलेंडर काढलं, आम्ही दोघींनी मिळून एक तारीख ठरवली. घरी आल्यावर मला वाटलं दोन दिवस चुकलं. आशाताईंनी अर्ज भरताना विचारलं तेव्हा मी शहाणपणा करून "बरोबर" तारीख सांगितली. कार्डावर एक, अर्जात दुसरी. अर्ज महिनाभराने परत आला. तेव्हा जी तारीख एकदा कार्डावर चढली ती चढली, तीच सगळीकडे सांगा.

नावाचंही तसंच. माझं आधार माहेरच्या नावाचं, वडिलांचं नाव मधे. सासरच्या रेशनकार्डात माझं नाव अजून चढलेलं नव्हतं. सगळे म्हणाले आधी आधार बदलून घे. गॅझेट, लग्नाचा दाखला, दोन महिने. मी बदललं नाही आणि ते बरंच झालं. आधार, बँकेचं पासबुक आणि अर्ज या तिन्हींत एकच नाव असलं की पुरतं, मग ते माहेरचं का असेना. पोटात बाळ असताना नाव बदलायला निघालात तर आधारवर नवं, बँकेत जुनं असं अर्धवट होतं आणि तिथंच गाडी अडते. नवऱ्याचं आधार नसलं तरी अर्ज अडत नाही, हेही पुष्कळ जणींना माहीत नसतं. कुठल्या गटात बसता त्याचा मात्र एक पुरावा लागतो. मी शिलाई कामगार म्हणून काढलेलं ई-श्रम कार्ड, म्हणजे असंघटित कामगारांच्या सरकारी नोंदणीचं कार्ड, जोडलं. विडी कामगारांच्या घरातल्या सुनांनी आपापलं ई-श्रम काढलं असेल तर तेच चालतं. दारिद्र्यरेषेखालचं रेशनकार्ड, आयुष्मान कार्ड, जॉब कार्ड, आठ लाखांच्या आतला उत्पन्नाचा दाखला, यातलं कुठलंही एक.

आता पैसे. पहिल्या बाळाला दोन हप्त्यांत ५,०००. सहा महिन्यांच्या आत नोंदणी आणि निदान एक तपासणी झाली की ३,०००, आणि बाळाची जन्मनोंद होऊन साडेतीन महिन्यांपर्यंतच्या लसी पूर्ण झाल्या की २,०००. दुसरं बाळ मुलगी असेल तर एकदम ६,०००. दुसरा मुलगा झाला तर काही नाही. मुलगी नको म्हणणाऱ्यांसाठी हे ठेवलंय ते समजतं, पण दुसऱ्या वेळी मुलगा झालेल्या बाईचं रक्त काय कमी लागतं का, हे मला अजून कुणी समजावून दिलेलं नाही. अन्न सुरक्षा कायदा २०१३ चा आहे, त्यात सरकारी नोकरीतल्या सोडून प्रत्येक गरोदर बाईला निदान ६,००० असं लिहिलंय. हातात येतात पाच. वरचा हजार जननी सुरक्षेतून, म्हणजे दवाखान्यात बाळंत होणाऱ्या बाईला पैसे देणाऱ्या योजनेतून, भरून निघतो असा सरकारचा हिशोब, पण आपल्याकडे शहरात त्या योजनेचे मिळतात ६००, आणि तेही दारिद्र्यरेषेखालच्या किंवा अनुसूचित जाती-जमातीच्या बाईला. मला नाही मिळाले.

माझा पहिला हप्ता फेब्रुवारीत "जमा" झाला. आशाताईंच्या मोबाईलवर तसं दिसत होतं. बँकेत दोनदा पासबुक भरून आणलं, काही नाही. काउंटरवरचा माणूस म्हणाला आमच्याकडे आलेच नाहीत. आशाताई म्हणाल्या गेलेत. तीन आठवडे मी त्या दोघांच्या मधे चेंडूसारखी. मग आमच्याच गल्लीतल्या कॉलेजच्या पोराने आधारच्या संकेतस्थळावर 'बँक सीडिंग' बघितलं आणि हसायला लागला. पैसे पोस्टातल्या खात्यात होते. २०२४ च्या पावसाळ्यात लाडक्या बहिणीच्या अर्जासाठी सगळ्या बायकांनी धावत जाऊन पोस्टात खातं उघडलं होतं, मीही उघडलं, आणि तेव्हा अंगठा दिला तेव्हा आधार तिकडे जोडलं गेलं. सरकारचे पैसे पासबुकावरच्या नंबरला जात नाहीत, आधार शेवटी ज्या खात्याला जोडलंय तिथं जातात. चूक कुणाचीच नव्हती, माझीच होती. गल्लीतल्या आणखी तिघींचे पैसे असेच सापडले. एकीचे तर पाच महिने तिथं पडून होते आणि ती रोज आशाताईला शिव्या देत होती.

हिशोब सांगते. सगळ्या मिळून सात फेऱ्या झाल्या. एका फेरीत अर्धा दिवस जातो, म्हणजे माझी दोनशेच्या आसपासची शिलाई बुडते. वर रिक्षा आणि झेरॉक्स. पाचातले दीड तर असेच गेले म्हणा. पहिले तीन हजार आले तेव्हा माग बंद होता, त्यातून लाईटबिल भरलं. पौष्टिक आहारासाठी म्हणून आलेले पैसे. खोटं कशाला लिहू? दुसऱ्या हप्त्याचं मात्र मी कुणाला सांगितलंच नाही. अंडी, गूळ आणि शेंगदाणे आणले, डब्यात माझे माझे ठेवले.

कारण आहार. अंगणवाडीतून गरोदर बाईला आणि बाळंतिणीला बाळ सहा महिन्यांचं होईपर्यंत, आणि पुढे बाळाला तीन वर्षांपर्यंत, घरी न्यायचा आहार मिळतो. कागदावर तो गरोदर बाईला दिवसाला ६०० कॅलरी आणि १८ ते २० ग्रॅम प्रथिनं देणारा हवा. त्यासाठी २०१७ मध्ये ठरलेला दर दिवसाला साडेनऊ रुपये, लहान बाळाला आठ. आठ रुपयांत आमच्या दुकानात एक अंडं येतं. कोरोनात गहू, डाळ, चणा, तिखट, हळद, मीठ असा कोरडा शिधा यायचा, त्याच्या आठवणी अक्का अजून काढतात. मला मिळाली ती तयार पाकिटं, पाण्यात शिजवायची, खिचडीची आणि गोडाची. खिचडी सांगितलेल्या पाण्यात लापशीसारखी होते आणि वासाला जरा दमट लागते. आमच्या घरी पहिल्या दिवशी सगळ्यांनी एकेक घास खाऊन ताट माझ्याकडे सरकवलं. गल्लीत दोघी-तिघी पाकीट शेळीला घालतात. सांगत नाहीत, पण शेळीच सांगते.

उलटंही होतं. पाकीट आवडलं तर ते घरच्या पातेल्यात जातं आणि सहा जणांत वाटलं जातं. नावावर माझ्या, पोटात नणंदेच्या पोरांच्या. त्यांना नाही कसं म्हणणार? मग मी सुचेल ते केलं. खिचडीचं पीठ ज्वारीच्या पिठात कांदा, कोथिंबीर, लसूण घालून धपाटे लावले, वर शेंगाचटणी. ते घरात सगळे खायचे म्हणून तेवढंच करायचे. गोडाचं पाकीट कढईत मंद भाजून गूळ आणि शेंगदाण्याचा कूट घालून लाडू वळले आणि शिलाई मशीनच्या खणात ठेवले. दुपारी एक, संध्याकाळी एक. सातव्या महिन्यात हिमोग्लोबिन १०.४ आलं. ते लाडवांनी की गोळ्यांनी, देव जाणे. गोळ्यांनीच असेल, पण गोळी उपाशीपोटी घेतली की मळमळायचं, लाडवावर घेतली की नाही.

पाकिटावरची तारीख बघूनच घ्या. मला एकदा मुदतीला पंधरा दिवस उरलेली पाकिटं मिळाली, ताईंना दाखवल्यावर त्यांनी बदलून दिली. आणि दर महिन्याला येतीलच असं धरू नका. एक महिना काहीच नाही, मग दोन महिन्यांचं एकदम.

चेहऱ्याचं प्रकरण जुलै २०२५ पासून सुरू झालं. पोषण ट्रॅकर या अंगणवाडीच्या सरकारी नोंदींच्या अॅपमध्ये चेहरा जुळल्याशिवाय आहार द्यायचा नाही असा नियम आला. माझ्या आधारवरचा फोटो दहावीतला, दोन वेण्या, गालफडं बसलेली. समोर मी दीड महिन्याची बाळंतीण, कानाला रुमाल, डोळे सुजलेले. मोबाईल म्हणतो डोळे मिचकवा. मिचकवले. जुळलं नाही. ताईंनी मला उन्हात उभं केलं, मग सावलीत, मग भिंतीला टेकवून. पाठीमागे अकरा बायका, कडेवर पोरं, नेटवर्क येत-जात. ताईंचा घाम मी बघितला आहे, त्यांच्यावर ओरडण्यात काही अर्थ नाही. तो नियम त्यांनी केलेला नाही. चौथ्या दिवशी सकाळी आठला, रुमाल काढून, जुळलं. माझा सल्ला : आधारवरचा फोटो जुना असेल तर दिवस गेल्याचं कळताच बदलून घ्या, आणि मोबाईल नंबर तुमच्या हातातला असू द्या. नवरा मागावर असताना ओटीपी त्याच्या खिशात वाजून काय उपयोग? या भागाला मी पाचपैकी एकही तारा देणार नाही.

आणि आता ज्याबद्दल कुणीच विचारत नाही ते. वजनकाटा.

मुलगी मेअखेरीला झाली, २ किलो ७००. उन्हाळा काय होता ते सोलापूरवाल्यांना सांगायला नको. दर महिन्याला ताई अंगणवाडीत काट्यावर ठेवायच्या आणि कार्डावर एक टिंब काढायच्या. सहाव्या महिन्यात ६ किलो ६००. उष्टावण अंगणवाडीतच झालं, ताईंनी हळदीकुंकू लावलं, वाटीत पातळ खीर. सातव्या महिन्यात ६ किलो ८००. जानेवारीत गड्ड्याची जत्रा, पाहुणे, आणि तिला जुलाब. नळाला पाणी चार-पाच दिवसांनी येतं, पिंपातलं पाणी गाळून उकळायचं मी म्हणते पण गर्दीत राहून जातं. महिनाअखेरीला काटा ६ किलो ७००.

अॅपमध्ये हिरवं. म्हणजे सगळं ठीक. मी निघालेच होते. ताईंनी हाताला धरून बसवलं आणि कार्ड पुढे केलं. "रंग बघू नका, रेघ बघा. ही बघा चढत होती, इथं आडवी झाली, इथं खाली आली." मग विचारलं काय भरवता. मी मोठ्या अभिमानाने सांगितलं, डाळीचं पाणी, भाताची पेज. ताई म्हणाल्या, "पाणीच देताय की मग. चमचा वाकडा केला तरी पडायला नको इतकं घट्ट द्या." डाळ-भात कुस्करून वर तेल किंवा तूप, दिवसातून तीनदा, अंगावरचं दूध चालूच. बाळाच्या आहाराच्या पाकिटाची जाड लापशी करून त्यात शेंगदाण्याचा बारीक कूट. जुलाबासाठी ओआरएस आणि झिंकच्या गोळ्या १४ दिवस, जुलाब थांबले तरी मधे सोडायच्या नाहीत. आणि जाता जाता, सासूबाईंकडे न बघता, "तंबाखूचं सूप पाळण्यापासून लांब ठेवा." हे मी दीड वर्षात बोलू शकले नव्हते. सासूबाई दुसऱ्या दिवसापासून ओट्यावर बसतात विड्या वळायला.

फेब्रुवारीअखेरीला ७ किलो १००. गोवर-रुबेलाची लस आणि व्हिटॅमिन एचा पहिला डोसही त्याच आठवड्यात झाला.

खाजगी दवाखान्यात तिला दोनदा नेलं होतं. तिथंही काटा आहे, पण आधीच्या महिन्याचं टिंब त्यांच्याकडे नाही. म्हणून पैसे मिळून गेल्यावर अंगणवाडीत जाणं बंद करणाऱ्यांशी मी भांडते. आहार नाही आला तरी त्या तारखेला जा, बाळाला काट्यावर ठेवा आणि टिंब स्वतःच्या डोळ्यांनी बघून या.

अर्जाला उशीर झाला असला तरी बाळ नऊ महिन्यांचं व्हायच्या आत करून टाका. आशाताई भेटत नसतील तर मातृ वंदनेच्या पोर्टलवर स्वतःलाही भरता येतो, गल्लीतलं कॉलेजचं पोरगं हाताशी धरा.

माझी फाइल परवा अक्कांची सून घेऊन गेली. तिला तिसरा लागलाय, पहिलंच आहे. आधार आणलं, पासबुक आणलं, ई-श्रम आणलं. पाळीची तारीख विचारली तर म्हणाली, "संक्रांतीच्या पुढंमागं." मी भिंतीवरचं कॅलेंडर काढलं.