मोटरहोमचा बाहेरचा दिवा: नुसता बल्ब, की अख्खा दिवाच नवा?

अमेरिकेत वापरलेली क्लास-सी मोटरहोम (ड्रायव्हरच्या डोक्यावर बिछाना पुढं आलेली, आत राहता येईल अशी गाडी) घेतली की पहिल्या एक-दोन सहलींतच बाहेरचा एखादा दिवा मान टाकतो. बहुतेक वेळा तो दाराशेजारचा, ऑनिंगखालचा (म्हणजे बाहेर ओढायच्या कापडी छताखालचा) पोर्च लाइट असतो. लेन्स पिवळी पडलेली, आत मेलेले किडे, आणि बटण दाबलं तरी अंधार. मग प्रश्न येतो: पाच-सात डॉलरचा बल्ब आणून भागवायचं, वीस-तीस डॉलरचा नवा एलईडी दिवा बसवायचा, की गाडी सरळ दुरुस्तीला न्यायची? इथल्या मराठी कुटुंबांत अशा जुन्या गाड्या घेणारे आता बरेच आहेत आणि हा प्रश्न पुन्हा पुन्हा विचारला जातो.

माझं मत आधीच सांगून टाकते. हा निर्णय उजेडावरून करू नका, पाण्यावरून करा. दिव्यामागं वायरसाठी भोक आहे, शिवाय स्क्रूंची भोकं आहेत. बऱ्याच गाड्यांची भिंत म्हणजे बाहेरून फायबरग्लासचा पातळ थर, त्यामागं जेमतेम काही मिलिमीटरचं लुआन नावाचं पातळ प्लायवुड, मग थर्माकोल आणि आतलं पॅनेल, हे सगळं एकमेकांना चिकटवलेलं. या भोकांतून पाणी मुरत राहिलं की प्लायवुडचे पदर सुटतात आणि फायबरग्लास फुगून येतं. ती भिंत दुरुस्त करायला जे बिल येतं, त्यापुढं दिव्याची किंमत काहीच नाही.

आधी लेन्स उघडा

लेन्स बहुधा नुसती दाबून बसवलेली असते. कडेच्या खाचेत चपटा स्क्रूड्रायव्हर घालून हलकेच उचकली की निघते. उन्हानं कडक झालेलं प्लास्टिक थंडीत पटकन तडकतं, म्हणून गाडी जरा तापलेली असताना हे करावं.

आत तीन गोष्टी बघा. होल्डरच्या पितळी पट्ट्यांवर हिरवा-पांढरा थर आहे का, तळाशी पाणी साचून गेल्याचे डाग आहेत का, आणि स्क्रूंची डोकी गंजली आहेत का. मग दिव्याभोवतीची भिंत अंगठ्यानं दाबत फिरा. चांगली भिंत सगळीकडं सारखीच कडक लागते, मुरलेली भिंत किंचित आत जाते. त्याच जागी आतल्या बाजूनं कपाट असेल तर त्याच्या कोपऱ्यात हात फिरवा, कागद सुटलाय का, डाग पडलेत का ते बघा. लाकडातली ओल मोजायचा दोन सुयांचा मीटर हार्डवेअरच्या दुकानात स्वस्तात मिळतो. जुनी गाडी असेल तर तो घ्याच. आकडा २० टक्क्यांच्या वर जात असेल तर लाकूड कुजायला लागणारी ओल तिथं आहे.

याच वेळी मल्टिमीटर लावून होल्डरवर व्होल्टेज येतंय का तेही बघून घ्या. बटण चालू असताना १२ ते १४ च्या दरम्यान आकडा आला तर वायर ठीक आहे, बल्ब किंवा होल्डर गेलाय. काहीच आलं नाही तर दोष फ्यूज, बटण किंवा वायरमध्ये आहे, आणि तिथं कितीही महाग दिवा आणलात तरी तो पेटणार नाही.

नुसता बल्ब बदलणं

आतून सगळं कोरडं असेल, होल्डर स्वच्छ असेल, लेन्स अजून बरी असेल, तर भिंतीला हात न लावणं हाच शहाणपणा. चालू असलेलं सील उगाच कशाला तोडायचं?

जुन्या पोर्च लाइटमध्ये बहुधा ११४१ किंवा ११५६ नंबरचा, पिना असलेला फिरवून बसणारा बल्ब असतो, नाहीतर ९२१ नंबरचा दाबून बसणारा काचेचा. नंबर बल्बवरच छापलेला असतो. तो बघूनच एलईडी घ्या. फायदा बॅटरीला होतो. ११४१ आणि ९२१ हे दोन्ही साधारण १.४ अँपिअर खातात. संध्याकाळी ६ तास लावला की ८ अँपिअर-तासांच्या वर गेले. १०० अँपिअर-तासाच्या साध्या लेड-अॅसिड बॅटरीतले निम्मेच वापरायचे असतात, तेव्हा विजेच्या जोडणीशिवाय रानात मुक्काम असेल तर हा तोटा जाणवतो. ३ वॅटचा एलईडी तेवढ्याच वेळात दीड अँपिअर-तास घेतो.

दोन अडचणी आधीच सांगते. एलईडीला प्लस-मायनस कळतं, साध्या बल्बला कळत नाही. दाबून बसणारा बल्ब पेटला नाही तर काढून उलटा बसवून बघा, परत करायला धावू नका. दुसरी अडचण म्हणजे फार स्वस्त बल्बांतल्या सर्किटमुळं रेडिओ किंवा अँटेनावरच्या टीव्हीत खरखर येऊ शकते. रंग निवडताना ३००० केल्विनच्या आसपासचा पिवळसर घ्या. निळसर पांढऱ्या उजेडाकडं किडे जास्त येतात आणि शेजारच्या तंबूतल्या माणसांची झोपही मोडते. अंबर (नारिंगी-पिवळा) मिळाला तर किड्यांच्या दृष्टीनं आणखी चांगला.

अख्खा दिवा बदलणं

होल्डर सडलाय, दिव्याचं बूड (भिंतीला टेकणारा भाग) तडकलंय, आत पाण्याचे डाग आहेत, यातलं एकही दिसलं तर नवा बल्ब म्हणजे नुसती चालढकल. बूड भिंतीवरून उचलून मागं काय चाललंय ते बघायलाच हवं.

विकत घेताना लोक उजेड आणि रूप बघतात. मी म्हणेन, बुडाची लांबी-रुंदी बघा. जुन्यापेक्षा नवा दिवा लहान निघाला तर जुनी भोकं उघडी पडतात, आणि भोवती न उडालेल्या रंगाचा चौकोन कायमचा दिसत राहतो. जुन्याएवढा किंवा थोडा मोठाच घ्या. मनासारखा मिळाला नाही तर मागं लावायची प्लास्टिकची पट्टी मिळते, ती लावून लहान दिवाही बसवता येतो.

काढण्याआधी वीज पूर्ण बंद करा, आणि इथं बरेच जण फसतात. बॅटरीचा खटका बंद केला की झालं असं वाटतं, पण बाहेरच्या विजेची केबल लावलेली असेल तर कन्व्हर्टर (बाहेरच्या विजेचं १२ व्होल्ट करणारा डबा) १२ व्होल्ट देतच राहतो. म्हणून केबल काढा, जनरेटर बंद, बॅटरी बंद, छतावर सोलर असेल तर त्याचाही खटका बंद, आणि वर त्या दिव्याचा फ्यूज उपसून ठेवा.

स्क्रू बहुधा चौकोनी खाचेचे असतात, त्यांना २ नंबरचं चौकोनी बिट लागतं. फिलिप्स घुसवाल तर खाच गोल होऊन बसेल. स्क्रू निघाले तरी बूड जुन्या सीलंटनं धरून ठेवलेलं असतं. हेअर ड्रायरनं शेकून मऊ करा आणि प्लास्टिकच्या पट्टीनं कड सोडवत जा. लोखंडी पट्टीनं फायबरग्लासवरचा चकाकता थर खरवडला जातो. बूड सुटताच वायरींना बाहेरच्या बाजूनं चिकटपट्टी लावून भिंतीला धरून ठेवा. वायर एकदा आत सरकली की मासे पकडल्यासारखं ती भोकातून शोधत बसावं लागतं.

रंगांवर विश्वास ठेवू नका. गाडीच्या राहायच्या भागातल्या १२ व्होल्टमध्ये बरेचदा काळी वायर प्लस आणि पांढरी मायनस असते, जे मोटारवाल्यांच्या सवयीच्या अगदी उलट. वायर उघडी असताना क्षणभर वीज चालू करून मल्टिमीटरनं खात्री करा, मग पुन्हा बंद करूनच जोडा. कारखान्यातून आलेल्या पिळायच्या टोप्या धक्क्यांनी सैल होतात. त्यांच्याऐवजी दाबून बसवायचे, वर गरम करून आवळणारे कनेक्टर वापरा. १६-१४ गेजला (गेज म्हणजे वायरच्या जाडीचा आकडा) निळे, २२-१८ गेजला लाल. दिव्याची वायर फारच बारीक असेल तर तिचं टोक दुहेरी दुमडून मगच आत घाला.

सील कशानं करायचं

खरी तुलना इथं आहे, आणि नवीन माणूस नेमका इथंच घाई करतो.

नव्या दिव्यासोबत मागं फोमची पातळ गादी येते. तिच्यावर एकटीवर विसंबू नये. फोम दाबला जातो, उन्हानं चुरतो, आणि भिंत जराशी जरी उंचसखल असेल तरी फट राहते.

सिलिकॉन घरोघरी असतं, म्हणून हात तिकडंच जातो. पण पुढच्या वेळी ते काढायला गेलात की त्याचा तेलकट अंश पृष्ठभागावर उरतो आणि त्यावर दुसरं काही धड चिकटत नाही, नवं सिलिकॉनसुद्धा नाही. जुन्या मालकानं सिलिकॉन फासलं असेल तर नव्या दिव्यापेक्षा ते साफ करण्यातच तुमचा जास्त वेळ जाईल. बोटींसाठी मिळणारं ३एम ५२०० त्याच्या अगदी उलट टोकाला. ते इतकं घट्ट धरतं की पुढं दिवा काढताना फायबरग्लासही उपटून येऊ शकतं. पुन्हा कधीतरी उघडायच्याच जोडाला ते लावूच नका.

माझी पसंती बुटाइल टेपला. मळलेल्या कणकेसारखी ही पट्टी वाळत नाही, वर्षानुवर्षं मऊ राहते, गाडीच्या हलण्याबरोबर ताणली जाते आणि गरज पडली तर सोलून काढता येते. आधी जुना चिकटा मिनरल स्पिरिटनं काढा, शेवटी आयसोप्रोपिल अल्कोहोलनं पुसा, पूर्ण वाळू द्या. मग दिव्याच्या मागच्या बाजूला कडेनं अखंड पट्टी लावा, प्रत्येक स्क्रूच्या भोकाभोवती छोटा वेढा द्या, आणि वायरच्या भोकातही एक गोळी दाबा. स्क्रू स्टेनलेस स्टीलचे घ्या. ते एकामागून एक थोडे थोडे आवळायचे, म्हणजे बुटाइल सगळीकडून सारखं बाहेर येतं. जिथून बाहेर येत नाही तिथं फट आहे, हे ओळखायला सोपं. दुसऱ्या दिवशी पुन्हा पाव फेरा आवळा, कारण बुटाइल रात्रभर हळूहळू पसरतं. बाहेर आलेलं मग प्लास्टिकच्या पट्टीनं कापून घ्या. हवा १० अंश सेल्सिअसच्या खाली असेल तर काम पुढं ढकला. थंडीत ते ताठ होतं आणि नीट बसत नाही.

वरून बाहेरच्या कडेला सीलंटची रेघ द्यायची. डायकोर कंपनीचं छतासाठीचं आपोआप पसरणारं सीलंट उभ्या भिंतीवर ओघळत खाली येतं. तिथं न ओघळणारा प्रकारच हवा. रेघ वरच्या कडेला आणि दोन्ही बाजूंना द्या, खालची कड मोकळी सोडा. चुकून पाणी शिरलंच तर त्याला बाहेर पडायला वाट राहते. चारही बाजू बंद केल्या तर तेच पाणी भिंतीकडं वळतं.

स्क्रूची भोकं सैल झाली असतील तर जाड स्क्रू ठोकण्याआधी लाकूड तपासा. लाकूड कोरडं आणि टणक असेल तर भोकात इपॉक्सी लावून लाकडी काडी बसवा, सुकल्यावर नव्यानं भोक पाडा.

कपाळावरच्या छोट्या दिव्यांचं काय?

क्लास-सी गाडीत ड्रायव्हरच्या डोक्यावर जो पुढं आलेला बिछाना असतो, त्याच्या कपाळावर पाच अंबर दिवे असतात. तिथली गळती हे या गाड्यांचं जुनंच दुखणं आहे. गाडी धावताना पाऊस समोरून दाबानं आपटतो, म्हणून पोर्च लाइटला जे एखादवेळी चालून जातं ते इथं चालत नाही. इथं मी तरी नुसत्या बल्बच्या बाजूनं नाही. एक दिवा गळत असेल तर पाचही उतरवून बुटाइलवर बसवावेत.

दुसरा फरक कायद्याचा. पोर्च लाइट तुमच्या आवडीचा, पण हे दिवे अमेरिकेच्या संघीय मानक क्रमांक १०८ खाली येतात. गाडी ८० इंच किंवा त्याहून रुंद असेल तर ते हवेतच, पुढं अंबर आणि मागं लाल. नवा दिवा घेताना लेन्सवर डीओटी (अमेरिकेचं परिवहन खातं) आणि एसएई पी२ (वाहन अभियंत्यांच्या संस्थेचा या दिव्यांसाठीचा कोड) हे छापलेलं बघा. नुसता बल्बच बदलत असाल तर अंबर लेन्समागं अंबर एलईडी, लाल लेन्समागं लाल. पांढरा घातला तर उजेड फिका दिसतो. मागच्या इंडिकेटरमध्ये एलईडी घालणार असाल तर ते दुप्पट वेगानं लुकलुकायला लागू शकतात, त्यासाठी फ्लॅशर (इंडिकेटर लुकलुकवणारा छोटा भाग) बदलावा लागतो. पण तो वेगळा उद्योग.

स्वतः की दुकानात?

पोर्च लाइट स्वतः करावा, असं मी बिनदिक्कत सांगेन. आरव्ही दुकानांत (म्हणजे अशा घर-गाड्यांच्या दुकानांत) मजुरी बऱ्याच ठिकाणी ताशी दीडशे डॉलरच्या आसपास किंवा वर असते, आणि हंगामात गाडी आठवडेच्या आठवडे अडकून पडते. घरी येणारा मेकॅनिक येण्याचेच वेगळे पैसे लावतो. पहिल्यांदा करणाऱ्याची एक सकाळ जाईल, साफसफाई धरून. दुकानात दिलंच तर एक गोष्ट तोंडावर विचारा: मागं काय लावणार? उत्तर ‘सिलिकॉन’ असेल तर बुटाइल स्वतः नेऊन द्या.

कपाळावरचे दिवे शिडीवरचं काम आहे. गुडघे-पाठ साथ देत नसेल, किंवा खाली उभं राहून शिडी धरणारं कुणी नसेल, तर ते दुकानालाच द्या, पैशाकडं बघू नका.

आणि अंगठ्याखाली भिंत दबली असेल, तर यातलं काहीच लगेच करू नका. दिवा उतरवा, वायरींची टोकं बंद करा आणि भोक उघडं ठेवून गाडी छपराखाली वाळू द्या. आत छोटा डीह्युमिडिफायर चालू ठेवा, ओलीचा आकडा दर काही दिवसांनी लिहून ठेवा. छप्पर नसेल तर पावसापुरती वरून आरव्ही टेप लावा, ऊन पडलं की काढा. आकडा खाली येऊन स्थिर झाला, लाकूड टणक लागलं, की नवा दिवा चढवा. आठवडे उलटूनही खाली येत नसेल तर पाणी या भोकातून येतच नाहीये. वर छताची कड आणि ऑनिंगची पट्टी तपासायला घ्या.