दालिओसाठी घ्या! 'द रूल्स ऑफ द गेम'चा क्रायटेरियन फोर-के सेट

'द रूल्स ऑफ द गेम' हा जाँ रेन्वार या दिग्दर्शकाचा जुना फ्रेंच सिनेमा, तो क्रायटेरियन या कंपनीने फोर-के (जास्त स्पष्ट चित्राच्या) डिस्कवर काढलाय. हा सेट घ्यावा का, तर हो, नक्की घ्या, आणि रेन्वारइतकाच त्यातला नट मार्सेल दालिओ याच्यासाठी घ्या. 'कॅसाब्लांका' बघितलेल्या प्रत्येकाने हा माणूस बघितलाय, कॅप्टन रेनो "इथे जुगार चालतो!" म्हणून धक्का बसल्याचं सोंग करतो आणि लगेच त्याच्या हातात त्यानेच जिंकलेले पैसे आणून देणारा जुगारघराचा माणूस तो हाच, पण टायटल्समध्ये नावसुद्धा नाही.

इथे १९३९ मध्ये मात्र तो मार्की आहे, मोठ्या सरदार घराण्यातला, पाहुण्यांना शिकारीला बोलावणारा, चावीची वाद्यं गोळा करणारा. नवीन आणलेला यांत्रिक ऑर्गन तो सगळ्यांना दाखवतो तेव्हा कॅमेरा सरकत सरकत त्याच्या चेहऱ्यावर येऊन थांबतो आणि तिथे अभिमान, संकोच, लोकांना आवडलं ना ही धाकधूक, सगळं एकदम दिसतं, एक शब्दही न बोलता. आपण घेतलेला सगळ्यात चांगला शॉट हाच असं रेन्वार स्वतः म्हणायचा. एक्स्ट्राजमध्ये (सिनेमासोबतच्या जादा फिल्म्समध्ये) फ्रेंच दिग्दर्शक रिव्हेटच्या माहितीपटाचा भाग आहे त्यात म्हातारे झालेले रेन्वार आणि दालिओ गप्पा मारतात, तो भाग सिनेमा झाल्यावरच बघा.

नोकरांच्या जेवणाचा सीन तर दोनदा बघा. मालकाच्या, म्हणजे मार्कीच्या, आईचे वडील कोणी रोझेन्थाल, फ्रँकफर्टहून आलेले, म्हणजे ज्यू, अशी कुजबुज चालते (रेन्वारच्याच 'ग्रँड इल्युजन'मध्ये १९३७ ला दालिओच्या पात्राचं नाव रोझेन्थालच होतं), आणि आचारी मालकाची बाजू घेतो, का तर बटाट्याच्या सॅलडला बटाटे उकळते गरम असतानाच पांढरी वाइन घालायची असते, पोऱ्याने बोटं भाजतील म्हणून घातली नाही आणि मालकाने ते बरोब्बर ओळखलं!

पुढच्याच वर्षी, १९४० मध्ये, जर्मन पॅरिसमध्ये आले. दालिओ खरोखरच ज्यू, तो बायको मादलेन लबोला घेऊन लिस्बनमार्गे निसटला, मागे नाझींनी त्याचाच फोटो 'ज्यू असा दिसतो' म्हणून पोस्टरवर छापला, आईवडील छळछावणीत गेले ते परत आलेच नाहीत. हॉलिवूडमध्ये त्याला छोटे छोटे रोल मिळत राहिले, नंतर फ्रान्सला परतला आणि १९७३ च्या 'रब्बी जेकब' सिनेमात त्याने खऱ्या रब्बीचं (ज्यू धर्मगुरूचं) काम केलं. मला हे फार लागतं, एवढ्या ताकदीच्या नटाला एवढा मोठा रोल परत क्वचितच मिळाला. म्हणूनच वाटतं की एक्स्ट्राजमध्ये खास त्याच्यावर वेगळं काहीतरी हवं होतं.

प्रिंटचं म्हणाल तर मूळ निगेटिव्ह युद्धातल्या बॉम्बहल्ल्यात गेलेली, १९५९ मध्ये सापडले तेवढे तुकडे जोडून रेन्वारच्या संमतीने १०६ मिनिटांची आवृत्ती उभी केली, तीच ही आहे, त्यामुळे सगळीकडे लखलखीत चित्राची अपेक्षा नको. सबटायटल्स इंग्रजीच आहेत. आणि ऑर्डर करायच्या आधी आपला प्लेअर बघून घ्या, फोर-के डिस्क कुठल्याही देशाच्या फोर-के प्लेअरवर चालते पण एक्स्ट्राज सोबतच्या ब्लू-रे डिस्कवर आहेत आणि ती रीजन ए ची, म्हणजे त्याच विभागाच्या प्लेअरवर चालणारी, आपल्याकडचे प्लेअर बहुतेक रीजन सी चे असतात.