आजोबा स्वतःचेच आजोबा झाले: वंशावळीच्या ॲपचा 11 महिन्यांचा अनुभव

एका रविवारी सकाळी ॲप उघडले, तेव्हा माझे आजोबा स्वतःच्याच आजोबांच्या जागी जाऊन बसले होते. आदल्या रात्री आतेभावाने ‘ही एकच व्यक्ती आहे का?’ या सूचनेला ‘होय’ म्हटले आणि 63 माणसे एका फटक्यात भलत्याच फांदीवर गेली. वर्षाला साडेचार हजार रुपये मोजतो आहे, म्हणून हे सविस्तर लिहितो.

दोन नोंदींमधले पूर्ण नाव जुळले की ही सूचना येते. आमच्या घरात थोरल्या नातवाला आजोबांचे नाव ठेवण्याची चाल असल्यामुळे विठ्ठल गणेश, गणेश विठ्ठल, पुन्हा विठ्ठल गणेश अशी वंशावळ खाली उतरते आणि एक पिढी सोडून वडिलांच्या नावासकट सगळे जुळते. पणजीने सासऱ्यांचे नाव घ्यायचे नाही म्हणून मुलाला, म्हणजे माझ्या आजोबांना, जन्मभर ‘नाना’ म्हटले आणि घरापुरता घोटाळा मिटवला. ॲपमध्ये टोपणनावाचा रकाना आहे, मी तो निष्ठेने भरला आहे, पण जुळणी करताना त्याकडे कोणी पाहत नाही. सूचना नाकारली तरी महिन्याभराने ती पुन्हा दारात उभी राहते.

तक्रारीला तीन उत्तरे आली आणि तिन्ही शब्दशः एकच होती: दोन्ही व्यक्तींचे जन्मवर्ष भरा. खापरपणजोबांचे जन्मवर्ष कुठून आणायचे? नाशिकच्या तीर्थोपाध्यायांच्या वहीत ‘विठ्ठल बिन गणेश’ (म्हणजे गणेशचा मुलगा विठ्ठल) वडिलांच्या अस्थी घेऊन आल्याची नोंद आहे, तीही शके 1795 च्या श्रावणातली. तिच्यात 78 मिळवून मी इसवी सन 1873 काढले, कारण ॲपला शक समजत नाही. पण ते वर्ष यात्रेचे, जन्माचे नव्हे.

चिडूनच तालुक्याच्या अभिलेख कक्षात गेलो. कोतवाल बुक म्हणजे गाव नमुना 14, गावातल्या जन्ममृत्यूंची जुनी नोंदवही; त्यातली पाने मोडी लिपीत होती; वाचणाऱ्याने पानामागे 300 रुपये घेतले. 1908 सालच्या पानावर ‘गणेश विठ्ठल यास मुलगा’ एवढेच निघाले. मुलाचे नाव नाही, पण गणेशरावांना मुलगा एकच, तेव्हा हेच नाना. त्यांच्यासाठी 1908 आणि खापरपणजोबांसाठी अंदाजाने ‘1855 पूर्वी’ असे भरले, तेव्हापासून ती सूचना आलेली नाही. म्हणजे अचूक वर्ष सापडेपर्यंत रकाना कोरा ठेवण्याचा माझा हट्टही या गोंधळात सामील होता, हे मान्य करतो. मात्र झालेली जोडणी मोडण्याची सोय त्याच दिवसापुरती ठेवणे आणि ते कुठेही ठळकपणे न सांगणे, हा दोष कंपनीचाच आहे. 63 जणांना परत जागेवर बसवायला मला चार रात्री लागल्या.

एका गोष्टीने मात्र सुखद धक्का दिला. आमच्या कागदावरच्या जुन्या वंशावळीत फक्त पुरुष आहेत. ॲपमध्ये बाईचे माहेरचे आणि सासरचे नाव वेगवेगळे ठेवता येते, हे कळल्यावर इंदूरच्या आत्याने दोन संध्याकाळी फोनवर बसून 41 जणींची माहेरची नावे आणि गावे भरली. ती नावे दुसरीकडे कुठेच लिहिलेली नव्हती.

तरीही पुढच्या वर्षाचे पैसे भरणार नाही. सगळी माहिती जेडकॉम (GEDCOM, वंशावळ साठवण्याचा ठरलेला नमुना) फाइलमध्ये उतरवून घेतली. हा नमुना 1984 पासून चालत आलेला असल्यामुळे वंशावळीचे बहुतेक प्रोग्राम तो वाचतात. फोटो तेवढे त्या फाइलमध्ये येत नाहीत, ते वेगळे उतरवावे लागतात. आता संगणकावर ग्रॅम्प्स हा फुकट मिळणारा प्रोग्राम वापरतो आहे. त्यात हिब्रू, इस्लामी, अगदी फ्रेंच राज्यक्रांतीच्या कॅलेंडरातलीही तारीख लिहिता येते. शालिवाहन शक मी टिपेत लिहितो. वर्गणी 14 तारखेला आपोआप कापली जाणार होती. तो आदेश काल बँकेत रद्द केला आणि आतेभावाला फक्त पाहण्यापुरती छापील प्रत दिली.