ब्लॉकच्या खोलीवर लाकडी छप्पर : अमळनेर तालुक्यातील एका सुतारकामाचा अनुभव

जुने धाब्याचे घर पाडले तेव्हा निघालेल्या सागाच्या कड्या आम्ही जपून ठेवल्या होत्या, आणि मळ्यात वीस बाय बारा फुटांची पोकळ सिमेंट ब्लॉकची खोली बांधायला घेतली तेव्हा वरचे छप्पर याच कड्यांवर पत्रे टाकून करायचे हे घरात आधीच ठरले होते. धाब्याच्या घरात या कड्या भिंतीला कशानेही बांधलेल्या नव्हत्या. वर खाऱ्या मातीचा जाड थर असे आणि तेवढ्या वजनाखालचे लाकूड हलवण्याची वाऱ्याची छाती नव्हती. पत्र्याच्या छपराला ते वजन नसते, आणि आमची पहिली चूक नेमकी तिथे झाली.

पहिले काम ज्या कंत्राटदाराने केले त्याचे नाव येथे देत नाही. त्याने सर्वांत वरच्या ब्लॉकवर लाकडी प्लेट, म्हणजे कड्या टेकवायचे भिंतीवरचे आडवे लाकूड, ठेवली, ड्रिलने भोके पाडून अँकर फास्टनर ठोकले आणि कड्या प्लेटवर तिरक्या खिळ्यांनी अडकवल्या. काम दोन दिवसांत झाले व दिसायलाही देखणे होते. आखाजीनंतरच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेनंतरच्या, आठवड्यात वळीव आला, तेव्हा पश्चिमेकडील पडवीच्या बाजूची प्लेट कड्यांसकट वीतभर उचलली गेली. खाली उतरवल्यावर पाहिले तर एकही फास्टनर वाकलेला नव्हता. प्रत्येकाच्या टोकाला ब्लॉकचा मुठीएवढा तुकडा जसाच्या तसा चिकटलेला होता. फास्टनर पकड घेतो तो फुगून, आणि पोकळ ब्लॉकची भिंत असते जेमतेम इंच-सव्वा इंचाची. ती त्या फुगण्यानेच आतून तडकते.

मी आयुष्यभर गणित शिकवले, त्यामुळे हिशेब करून पाहिल्याशिवाय राहवले नाही. वाऱ्याचा दाब वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. ताशी 90 किलोमीटरच्या वाऱ्याचा दाब दर चौरस मीटरला सुमारे 38 किलो भरतो, आणि पडवीसारख्या उघड्या बाजूला वरून ओढ व खालून रेटा असे दोन्ही एकाच वेळी लागते. पत्रे, रिपा व कड्या धरून आमच्या छपराचे वजन चौरस मीटरला वीस किलोच्या आसपास होते. म्हणजे छपराने भिंतीवर बसायचे नसून भिंतीला धरून राहायचे असते, ही गोष्ट मला पैसे घालवल्यावर कळली.

दुसरे काम ज्या मिस्तरींना दिले, त्यांच्या कामाविषयी लिहिण्यासाठी हा सारा प्रपंच. ते सुतारही आहेत आणि सेंट्रिंगही, म्हणजे काँक्रीट ओतण्याच्या साच्यांचे कामही, करतात, आणि हा जोड माझ्या मते फार मोलाचा आहे, कारण गवंडी आपले काम ब्लॉकच्या वरच्या थरापाशी संपले असे समजतो, सुतार आपले काम प्लेटपासून सुरू झाले असे समजतो, आणि छप्पर उडते ते या दोघांच्या मधल्या जागेतून. मिस्तरींनी प्रथम वरचा तडकलेला थर काढून टाकला. मग दर चार फुटांवर खालच्या तीन थरांतील पोकळ्या मोकळ्या करून त्यांत उभी सळई सोडली, बारीक खडीचे काँक्रीट भरले आणि चारही भिंतींवरून सलग फिरणारा दीडशे मिलिमीटर जाडीचा आरसीसी पट्टा ओतला. त्यात चार सळ्या आणि दर दीडशे मिलिमीटरवर त्या सळ्यांना वेढणारी 6 मिलिमीटरची रिंग होती. भूकंपरोधक बांधकामाच्या आयएस 4326 या भारतीय मानकात छपराच्या पातळीवर असाच पट्टा सांगितलेला आहे. मिस्तरींना त्या मानकाचा क्रमांक ठाऊक नव्हता, पट्टा मात्र ठाऊक होता.

बोल्ट बसवण्याची त्यांची रीत मला विशेष आवडली. 12 मिलिमीटरचे, खालून आकड्यासारखे वाकवलेले बारा बोल्ट, दोन्ही लांब भिंतींवर सहा-सहा, आणि कोपऱ्यापासून पहिला बोल्ट फुटाच्या आत. काँक्रीट ओले असताना बोल्ट कलू नयेत म्हणून त्यांनी भोके पाडलेली प्लेटच वर धरून सगळे बोल्ट तिच्यात टांगले, आकडे पट्ट्याच्या सळ्यांखाली अडकवले आणि आट्यांना ग्रीस लावून वर दुधाच्या पिशव्या गुंडाळल्या. दहा दिवस गोणपाट ओले ठेवण्याचे काम आमच्याकडे होते, आणि मे महिन्याच्या उन्हात ते दिवसातून चार वेळा करावे लागले. नंतर पट्टा व लाकूड यांच्यामध्ये डांबरी फेल्टची पट्टी घातली, कारण काँक्रीटला टेकलेले लाकूड ओल ओढते आणि ओल्या लाकडाला वाळवी आधी लागते. नटाखाली नेहमीचे वॉशर न टाकता दोन इंची चौकोनी जाड पत्रा टाकला. कड्यांना चार इंचांत एका इंचाहून खोल खाच घेतली नाही, आणि प्रत्येक कडीवरून गॅल्व्हनाइज्ड पट्टी फिरवून तिचे खिळे बाजूने ठोकले. खिळा सरळ ओढला तर निघून येतो, पण आडवा कापायचा म्हटले तर वाऱ्याला पुष्कळ जोर लागतो. हे मी त्यांना समजावून सांगू लागलो तेव्हा ते एवढेच म्हणाले, "सर, बोल्ट शेतस ना, मंग वारा काय करी?" (बोल्ट आहेत ना, मग वारा काय करील?)

तक्रारीही आहेत. पट्टा वाळण्याचा काळ वगळून चार दिवसांचे काम त्यांनी अकरा दिवस चालवले, कारण लग्नसराईत त्यांचे मदतनीस सारखे गैरहजर राहत. अंदाजपत्रक पाठकोऱ्या कागदावर होते आणि त्यात बोल्ट व पट्ट्या धरलेल्याच नव्हत्या. त्यांचे पैसे मागाहून वेगळे द्यावे लागले. दोन्ही टोकांच्या त्रिकोणी भिंतींवर उताराचा पट्टा घालणे त्यांना सुचले नाही, ते मला मागून करून घ्यावे लागले. प्लेटचे लाकूड सॉ मिलमधून आणलेले आणि नीट न वाळलेले होते, हा दोष मात्र मी जरा मोठा मानतो. कड्या जुन्या म्हणून जागच्या हलल्या नाहीत, पण प्लेट आकसली आणि श्रावणात पाहिले तर बाराही नट बोटाने फिरत होते.

मिस्तरी बोलावल्यावर कानबाईच्या सणाच्या आदल्या दिवशी आले, प्रत्येक नट एक ते दीड फेरा आवळला आणि त्याचे पैसे घेतले नाहीत. जाताना 19 नंबरचा पाना मात्र आमच्याच घरी ठेवून गेले आणि पुढच्या आखाजीआधी शिडी लावून एकदा स्वतः पाहून घ्या, असे बजावून गेले.